रिकाम्या खाटांचा फोटो

सहदेवच्या नव्या घराची वास्तुशांत दुपारीच आटोपली. पंगती उठल्या, भटजी पोलादपूरच्या रस्त्याला लागले, मुंबईहून आलेल्या बायकांनी उरलेले लाडू डब्यांत भरूनही घेतले, तरी पडवीतून कुणी हलेना. बोलायचं राहिलंय हे प्रत्येकाला ठाऊक होतं आणि सुरुवात दुसऱ्याने करावी म्हणून प्रत्येकजण वाट बघत होता.

चंद्राबाई भिंतीला पाठ लावून खालीच बसली होती. थोरली जाऊ म्हणून तिच्यासाठी खुर्ची आणली होती, ती तिने नवऱ्याला दिली. सहदेवचा थोरला भाऊ भागोजी खुर्चीत बसला होता, पण सगळं अंग पुढे झुकवून, पाहुण्याच्या घरी बसावं तसा. डाव्या हाताची बाही तो सारखी खाली ओढत होता. त्या हाताची शीर डॉक्टरांनी जोडून दिलेली, दोरखंडासारखी फुगलेली. घाटाखालच्या सरकारी दवाखान्यात आठवड्यातून दोनदा त्या शिरेत सुया जात, रक्त बाहेर यायचं, धुऊन निघायचं आणि परत अंगात जायचं. मूत्रपिंडं निकामी झाल्यापासून, गेली दोन वर्षं, भागोजी जगत होता तो त्या यंत्राच्या जिवावर. ते यंत्र आणि तो सगळा विभागच चार दिवसांपूर्वी बंद झाला होता, आणि बंद करणाऱ्यांतला एकजण समोरच्या झोपाळ्यावर बसून मोबाइल बघत होता.

तो सहदेवचा मुलगा, ऋत्विक. घराण्यातला पहिला एमबीए. गेल्या दिवाळीच्या सुमारास सरकारने काटकसर मंडळ नेमलं. अध्यक्ष एक मोठे कारखानदार, एक पैसा पगार न घेणारे. सरकार कंपनीसारखं चालवून दाखवतो म्हणाले आणि आपल्या कंपनीतली हुशार मुलं त्यांनी खात्याखात्यांत धाडली. कुठे माणसं जास्त, कुठे खोल्या रिकाम्या, ते शोधायचं आणि कात्री लावायची. ह्यांना निवडून कुणी दिलं म्हणून टीव्हीवर रोज भांडणं चालत. पण ऋत्विकची त्यात निवड झाली तेव्हा पिंपळकोंडात त्याचा सत्कार झाला होता. शाल घातली ती भागोजीनेच. एका दाखल्यासाठी कचेरीच्या पायऱ्या झिजवलेला माणूस तो. "आता बघा कसे सरळ होतात एकेक," असं तो देवळासमोर मोठ्याने म्हणाला होता. चंद्राबाईलाही तेव्हा ते खरंच वाटलं होतं.

अंगणात मोटारसायकल थांबली. नागसेन होता. दवाखान्यातली ती यंत्रं तोच चालवायचा. कंत्राटी माणूस, त्यामुळे त्याला कामावरून काढायचीही कुणाला गरज पडली नाही. उद्यापासून येऊ नको, एवढंच फोनवर सांगितलं.

"वर ये रे," चंद्राबाई उठली. "जेवायचा होतास ना? किती वाट बघायची?"

"नको काकी, इथंच बरा हाय." तो अंगणातल्या कट्ट्यावर टेकला. खुर्चीतल्या भागोजीकडे त्याने एकदा पाहिलं आणि नजर वळवली. "सांगायला आलो. उद्या सकाळी टेम्पो येणार. मशीनं पनवेलला जाणार."

"उद्याच?"

"नवीन सेंटरला बसवायची हायत म्हणे. कंपनी चालवणार ते सेंटर. एकदा इथनं उचलली की परत नाय यायची, काकी. पाण्याची लाइनपण काढून टाकतायत."

तो बोलला हळूच, पण पडवीत सगळ्यांनी ऐकलं. चंद्राबाईने आत जाऊन पान वाढून आणलं. वरण वाढताना वाटी कलंडली, ती नागसेननेच सावरली.

"ऋत्विक," सारिका म्हणाली. भागोजीची ही एकुलती मुलगी, महाडला दिलेली. सकाळपासून ती गप्प होती आणि ती गप्प असली की चंद्राबाईला धास्ती वाटे. "मोबाइल ठेव बाजूला. तो फोटो काढ. सगळ्यांना दाखव."

"ताई, प्लीज. आज नको. आज घराचं..."

"आजच. उद्या टेम्पो येतोय."

फोटो सगळ्यांनी पाहिलेला होता. मंडळाच्या अध्यक्षांनी मुंबईच्या कुठल्याशा सभेत तो भिंतीएवढा करून दाखवला होता. दाराला कुलूप, खिडकीतून टिपलेल्या रिकाम्या खाटा, बंद यंत्रं, भर सकाळी. 'हा बघा तुमच्या कराचा पैसा, झोप काढतोय,' असं ते म्हणाले आणि लोक हसले. तो फोटो फिरत फिरत पिंपळकोंडात आला तेव्हा चंद्राबाईने आपली गोधडी ओळखली. खिडकीजवळच्या खाटेवर घडी करून ठेवलेली, लाल काठाची. यंत्रावर असताना भागोजीला हुडहुडी भरायची, म्हणून तिने ती तिथेच ठेवली होती.

"हा कुठल्या दिवसाचा रे?" सारिकाने विचारलं.

ऋत्विकने पायाने झोपाळा थांबवला.

"मी सांगते. शिमग्यात आपल्याकडं पालखी आली, त्या दिवसाचा. बाबा घरी होते, कारण सोमजाई दारात येणार आणि घरचा माणूस हजर नाय, असं ह्या कोंडात कधी झालेलं नाय. त्या पाचही खाटांवरचे पेशंट देवीच्याच गावचे. म्हणून नागसेनदादाने आदल्या संध्याकाळी थांबून सगळ्यांचं उरकलं. सकाळी कुलूप घातलं, कारण आईनं त्याला पण जेवायला बोलावलेलं. आणि तू कुठं होतास त्या दिवशी?"

"ताई..."

"पालखीला खांदा तुझा होता. ह्याच अंगणात नाचवलीस. बाबांच्या पाया पडलास. मंगळवार होता, बाबा मंगळवारी घरी नसतात, हे तुला ठाऊक नव्हतं?"

"अगो, पोरगा सणाला आलेला," सहदेव मध्ये पडला. नव्या धोतराचा सोगा सावरत तो उभा राहिला. "त्याच्या काय डोक्यात असणार मंगळवार का बुधवार! तू तर त्याला आरोपीसारखं उभं केलंस. वहिनी, जरा सांगा हिला."

मोठ्याने बोलायची चंद्राबाईला सवयच नव्हती. रोज पहाटे सोमजाईचं देऊळ झाडून सारवून झाल्याशिवाय ती पाण्याचा थेंब तोंडात घालत नसे, लग्न होऊन आली त्या वर्षापासून. आणि त्या वेळात कुणाशी बोलतही नसे. त्या मुक्याने राहण्याची तिला गोडी लागली होती. पण आत्ता तिच्या मनात एकच घोकणं चाललं होतं. नागसेनला विनवलं ते मी. 'एक दिवस पुढं-मागं कर रे बाळा, देवी येतेय,' असं म्हटलं ते मी.

ऋत्विकने मोबाइल खिशात ठेवला. मुलगा वाईट नव्हता. त्याचा चेहरा उतरला होता.

"शेड्यूल मीच दिलं होतं," तो म्हणाला. "मी गावात असणार होतो, म्हणून ह्या भागाची व्हिजिट त्या आठवड्यात लावली. मी टीमबरोबर जाणारच होतो. पालखी लवकर आली म्हणून राहिलो. त्यांनी जे पाहिलं ते लिहिलं. मोठीआई, शप्पथ सांगतो, मुद्दाम नाही केलं."

"मग कळल्यावर?" सारिका म्हणाली.

"कळलं तेव्हा फोटो भाषणात गेला होता."

"मग कळल्यावर काय केलंस?"

ऋत्विक झोपाळ्यावरून उठला आणि पुन्हा बसला.

"एक ओळ लिही," सारिका म्हणाली. तिचा आवाज आता खाली आला होता आणि तो जास्त बोचत होता. "आत्ता, इथं बसून. त्या दिवशी सण होता, पेशंट आदल्या दिवशी येऊन गेले होते, मी स्वतः साक्षी हाय. एवढंच. तुझ्या साहेबांना धाड. उद्याचा टेम्पो थांबेल का नाय?"

"थांबेल," ऋत्विक म्हणाला. मग घाईने पुढे, "म्हणजे, थांबू शकतो. पण ताई, तुला कळत नाहीये. तो एक फोटो नाहीये आता. विरोधी पक्ष टपून बसलाय, युनियनवाले टपून बसलेत. मंडळाचा फोटो खोटा निघाला म्हटलं की सगळं कामच खोटं. आणि बाकीचं काम खोटं नाहीये! खरोखर रिकाम्या इमारती आहेत, खरोखर फुकट पगार घेणारे आहेत. मोठेबाबा, तुम्हीच म्हणायचात ना? ते सगळं एका ओळीने जाईल. साहेब पहिल्यांदा विचारतील, ही ओळ लिहिली कुणी."

"आणि तुझी नोकरी जाईल."

"जाईल. आणि नंतर मला कोणी उभं करणार नाही."

"पोराचा गळा कापायला निघालात!" सहदेव म्हणाला. "आज माझ्या घरात वास्तुपुरुषाला निवेद दाखवला, आणि आजच?"

"काका, गळा कुणाचा कापला जातोय ते जरा खुर्चीकडं बघून बोला," सारिकाचा नवरा सुहास म्हणाला. तो औद्योगिक वसाहतीत एका औषधाच्या कारखान्यात पाळीवर काम करायचा, आणि एरवी सासरच्या भांडणात पडायचा नाही. "आमच्याकडं पण असेच आले होते, टॅब घेऊन. प्लांटमध्ये फिरले. कोण उभा हाय, कोण बसलाय, त्याचा फोटो. जेवायच्या सुट्टीत फोटो काढले आणि म्हणाले, माणसं बसून असतात. निम्मी माणसं कंत्राटात गेली. मी पण."

"जीजू, तुमचं मी बोलणारच होतो," ऋत्विक वळून म्हणाला. "तुमचा प्लांट आमच्या साहेबांच्याच ग्रुपने घेतलाय. परमनंटची लिस्ट पुढच्या महिन्यात होतेय. तुमचं नाव मी घातलंय. सांगायचं होतं ते घरभरणीच्या दिवशी सांगू, म्हणून ठेवलं होतं."

त्याला लाच द्यायची नव्हती, हे चंद्राबाईला दिसत होतं. तो खरोखरच आनंदाची बातमी म्हणून सांगत होता. पण सुहासने तोंड उघडलं होतं ते तसंच राहिलं, आणि मग तो पायाच्या अंगठ्याने नव्या फरशीवरचा अक्षतेचा दाणा इकडून तिकडे सरकवू लागला. सारिका नवऱ्याकडे बघत राहिली. त्याने मान वर केली नाही.

"बोला की," ती म्हणाली. "थांबलात का?"

"मी कुठं काय... बाबा काय म्हणतात ते तरी विचारा. तब्येत त्यांची हाय."

"सोमजाईचं देऊळ पण मोजून न्या रे," सारिका ऋत्विकला म्हणाली, पण आता तिच्या आवाजात जोर नव्हता. "वर्षभर रिकामंच असतं ते. एकटी माझी आई जाते. कुलूप घाला त्याला पण."

"सारिका!" भागोजी म्हणाला.

सगळे वळले. त्याने आधी खुर्चीचा हात धरला, मग सोडला.

"देवीला मधी आणायचं नाय."

"बाबा, मी तर..."

"मी काय म्हणतो ते ऐक. काय लिहिणार हा? सोमजाईच्या पालखीपायी पेशंट घरी राहिले. आणि ते तिकडं मुंबईत वाचणार. टीव्हीवर दाखवणार, पालखी नाचवतानाचा फोटो, आणि बाजूला ह्या खाटा. म्हणणार, ह्यांना औषध नको, देव पायजे. कशाला ह्यांच्यावर खर्च करायचा? हसतील. आता खाटांवर हसतात, मग तिच्यावर हसतील." त्याला दम लागला. पायांवरची सूज धोतराखालून दिसत होती. "ती माझ्या दारात आली ती माझ्या भाग्यानं. माझ्या जिवासाठी तिला त्या भाषणात नाय उभी करायची. ऋत्विक, काय लिहू नको."

कुणीतरी श्वास सोडला. बहुधा सहदेवनेच.

"दादा," तो म्हणाला आणि त्याने धोतराच्या सोग्याने डोळे पुसले, खरोखर पुसले. "दादा, तू मोठा माणूस."

चंद्राबाई उठून उभी राहिली. पदर डोक्यावरून घसरला होता, तो तिने पुन्हा घेतला नाही.

"लिही," ती म्हणाली.

ती बोलली हे कळायलाच सगळ्यांना एक क्षण लागला.

"लिही रे ऋत्विक. तिचं नाव घाल. खुशाल घाल. पालखीपायी झालं म्हणून लिही, चंद्राबाई नावाच्या बाईनं हट्ट धरला म्हणून लिही. हसतात तर हसू देत. दगडाची हाय ती, सोसेल." तिला स्वतःचेच शब्द परके वाटत होते. दगडाची, असं ती आयुष्यात सोमजाईला म्हणाली नव्हती. "मी रोज तिच्या पायाशी असते. ती काय मागते ते मला म्हाईत हाय. तिनं कधी असला मान नाय मागितला. आणि रागावलीच, तर माझ्यावर रागवंल. तुला काय नाय करायची. लिही, बाळा. मी तुझ्याकडं आजपतूर काय मागितलं नाय."

ऋत्विकचा हात खिशाकडे गेला. चंद्राबाईने ते पाहिलं. त्याने मोबाइल बाहेरही काढला. त्याचे डोळे ओले होते, आणि त्या एवढ्या वेळात चंद्राबाईला वाटलं की झालं, टेम्पो मोकळा परत जाणार.

"मोठीआई," तो म्हणाला, "मी लिहिलंही असतं. पण मोठेबाबाच नको म्हणतायत."

"बरोबर," सहदेव लगेच म्हणाला. "दादाचा शब्द शेवटचा. ह्या घराण्यात कायम तसंच चालत आलंय."

"बाबांचं पण चूक नाय," सुहास फरशीकडे बघत म्हणाला. "देवाधर्माची गोष्ट हाय."

आणि मग सगळे एकदम बोलू लागले. पडवीत जिवंतपणा आला. भागोजीच्या नकाराने प्रत्येकाला उठून जायला वाट मिळाली होती आणि ते तिच्यातून गर्दीने निघाले. ऋत्विक म्हणाला, पहिले काही दिवस माझी गाडी ड्रायव्हरसकट पाठवतो, पनवेल काय, हायवेने सरळ. सहदेव म्हणाला, पावसात कशेडीला दरड आली तरी तुम्ही अलीकडेच, घाटाचा प्रश्नच नाही. मग तो उत्साहाने म्हणाला, त्यापेक्षा दादा, तू आमच्याकडेच डोंबिवलीला ये की राहायला. आत स्वयंपाकघरात सहदेवची बायको भांडी आवरत होती, तो आवाज थांबला. "म्हणजे, बघू," सहदेव म्हणाला, "ऋत्विकचं लग्न झालं की जागेचं बघू." आतली भांडी पुन्हा वाजू लागली.

ऋत्विकची गाडी किती दिवस येईल, हे कुणी विचारलं नाही. चार तास जायला, चार तास यंत्रावर, चार तास यायला, आणि तिसऱ्या-चौथ्या दिवशी पुन्हा तेच. भागोजीकडे बघितलं तरी उत्तर मिळत होतं, म्हणून त्याच्याकडे कुणी बघत नव्हतं.

सारिका अंगणात गेली आणि नागसेनच्या शेजारी कट्ट्यावर बसली. नागसेनने जेवण संपवलं होतं, एक शीतही पानात ठेवलं नव्हतं.

"बाकीच्या चौघांचं काय रे?" चंद्राबाईने पान उचलताना विचारलं.

"तो मास्तर पोराकडं मुंबईला गेला. दुसरे दोघं महाडच्या रांगेत नाव घालून बसलेत, पण तिथं वर्षभर नंबर लागायचा नाय." तो थांबला. "त्या म्हाताऱ्या आजीनं सांगितलं, मी नाय आता कुठं जात."

त्याने गोधडी आणली होती. मोटारसायकलच्या मागे बांधलेली, प्लास्टिकच्या पिशवीत. "तिथं राहिली असती, तर टेम्पोत गेली असती," तो म्हणाला आणि ती त्याने दोन्ही हातांनी चंद्राबाईला दिली.

निघताना ऋत्विक पाया पडला. चंद्राबाईच्या पायांवर त्याने डोकं टेकलं ते बराच वेळ उचललं नाही. तिने हात ठेवला. आशीर्वादाचे शब्द जिभेवर होते, जन्मभराच्या सवयीचे, औक्षवंत हो. ते नेहमीसारखे बाहेर आले. पोरगं आहे, तिने मनाशी म्हटलं, त्याला तरी लागो.

घर जवळच होतं, पण भागोजीला तीन ठिकाणी थांबावं लागलं. सुहासने हात पुढे केला, तो त्याने धरला; कुणावर राग ठेवावा इतकी ताकद त्याच्यात उरली नव्हती. उंबऱ्याशी सुहास परतला. सारिका आईकडे बघून म्हणाली, "मी राहते आज." चंद्राबाई म्हणाली, "नको. घरी जा. त्याच्याशी भांडू नको. त्याचं पण पोट हाय."

मग दोघंच राहिली. तिने दिवा लावला. भागोजी ओटीवर भिंतीला टेकून बसला, पाय लांब करून.

"कशाला बोललीस तसं?" तो म्हणाला. "दगडाची म्हणालीस."

"म्हणाले."

"माफी माग तिची."

"नाय मागत."

तो हसला. दम लागेपर्यंत हसला. "एवढी वर्षं झाली, कधी तोंड वर करून बोलली नाय, आणि आज भर माणसांत."

"तुम्ही कशाला नको म्हणालात?" ती म्हणाली. "खरं सांगा. तिच्यासाठी?"

बाहेर नव्या घराच्या तोरणाचे दिवे लागले, आणि त्यांचा लाल-हिरवा उजेड अंगणापर्यंत आला.

"थोडं तिच्यासाठी," तो म्हणाला. "आणि थोडं... पोरग्याचं तोंड बघवंना गो. त्याला लिहायचं नव्हतं. मी नको म्हणालो नसतो, तरी त्यानं लिहिलं नसतं. मग ते सगळ्यांसमोर उघडं पडलं असतं. माझा तर काय, तसा पण..."

चंद्राबाई गोधडी उलगडून त्याच्या पायांवर घालू लागली. गोधडीला औषधाचा, दवाखान्याच्या फिनेलचा वास होता.

"पाणी दे," तो म्हणाला.

ती पेल्यात घोटभर घेऊन आली. डॉक्टरांनी पाणी मोजून दिलं होतं. जास्त झालं की ते अंगात साठायचं, छातीवर यायचं, मग यंत्राशिवाय निघायचं नाही. दोन उन्हाळे तो नुसते ओठ ओले करून राहिला होता.

भागोजीने पेल्याकडे पाहिलं आणि मान हलवली. "तांब्या आण. माठातला."

चंद्राबाई उभी राहिली. तिला सगळं कळलं. आत जाऊन तिने माठावरचं झाकण काढलं, तांब्या बुडवला, काठोकाठ भरून बाहेर आणला आणि त्याच्या हातात दिला. भरलेला तांब्या त्याला पेलवेना, म्हणून ती खाली आपला हात धरून राहिली.

तो प्याला. डोळे मिटून, घटाघटा, गळ्याचा आवाज करत, पाणी हनुवटीवरून छातीवर सांडत. तांब्या रिकामा झाला तेव्हा त्याने तो तिच्यापुढे केला.

"अजून भर."

तिने भरून आणला.

"गार हाय?" तिने विचारलं.

"गार हाय गो," भागोजी म्हणाला. "लय गार हाय."